ओला मका वाळवणे आणि साठवणे: ढीग बिघडतो तो सगळ्यात ओल्या जागेपासून

प्रश्न थोडक्यात असा आहे: मळणी झालेला मका साधारण २३ टक्के ओलाव्यावर हाती आला आहे, ऊन सलग मिळत नाही, मोठा ड्रायर जवळ नाही. हा माल शेतावरच कसा वाळवायचा, किती टक्क्यांवर थांबायचे आणि पुढचे सात-आठ महिने बुरशी आणि किडीपासून कसा वाचवायचा?

सात-आठ महिने ठेवायचा असेल तर १३ टक्क्यांपर्यंत आणा. हवामान उष्ण असेल किंवा वर्षभर ठेवायचा असेल तर १२ टक्के धरा. दोन-तीन महिन्यांत संपणार असेल आणि हवा थंड असेल तर १४ टक्केही चालतात. मात्र हा आकडा सरासरीचा नको, ढिगातल्या सगळ्यात ओल्या जागेचा हवा. मीटरवर १३ दाखवणारा माल महिन्याभरात कुबट होतो, तेव्हा बहुतेक वेळा मीटर चुकलेले नसते. तळाशी, कडेला किंवा पोत्याच्या मध्यभागी १७-१८ टक्क्यांचे दाणे राहिलेले असतात आणि बुरशी तिथून सुरू होऊन बाकीच्या कोरड्या मालात शिरते.

हे कसे घडते ते आधी समजून घ्या, म्हणजे पुढच्या सूचना पाठ कराव्या लागणार नाहीत. दाणा जिवंत असतो, त्याच्यावरची बुरशीही जिवंत असते. दोघेही श्वसन करतात, म्हणजे पिष्ट जाळून पाणी, कार्बन डायऑक्साइड आणि उष्णता तयार करतात. २० टक्के ओलाव्याच्या एक टन मक्यातले केवळ अर्धा टक्का कोरडे द्रव्य, म्हणजे जेमतेम ४ किलो, असे जळाले की सुमारे अडीच लिटर पाणी नव्याने तयार होते. त्याबरोबर सुटणारी उष्णता बाहेर गेलीच नाही असे धरले तर ढिगाचे तापमान तीसेक अंशांनी वाढू शकते. म्हणजे ओली जागा स्वतःच स्वतःला आणखी ओली आणि गरम करते. मधला मका गरम लागला की हे चक्र सुरू झाले असे समजा. तिथे वाट बघण्यात अर्थ नाही, ढीग त्याच क्षणी पसरा.

हातात किती वेळ आहे हे ओलावा आणि तापमान मिळून ठरवतात. २७ अंश सेल्सिअसला २४ टक्क्यांचा दाणा साधारण चार-पाच दिवस तग धरतो, २० टक्क्यांचा नऊ-दहा दिवस. तोच २० टक्क्यांचा मका १६ अंशांवर जवळजवळ महिनाभर टिकतो. हे दिवस बेरजेत जातात. ओल्या अवस्थेत पोत्यात घालवलेले दोन दिवस नंतर कितीही कडक ऊन दिले तरी परत मिळत नाहीत. फुटका, चेंगरलेला माल असेल तर मुदत आणखी कमी धरा, कारण बुरशीला दाण्याची साल भेदण्याचे कष्टच उरत नाहीत.

काढणी अजून व्हायची असलेल्यांसाठी थोडे. दाण्याच्या टोकाशी काळा थर दिसला की दाणा भरणे संपले. त्या वेळी ओलावा ३० ते ३५ टक्के असतो. तिथून पुढे झाडावर होणारे वाळणे फुकटचे आहे, पण पाऊस, पक्षी आणि शेतातूनच अंडी घेऊन येणारे सोंडे (दाणा पोखरणारे किडे) यांचा धोका वाढत जातो. यंत्राने मळणी करायची तर दाणा १८ ते २० टक्क्यांवर असताना फूट सगळ्यात कमी होते. २५ च्या वर दाणा चेंगरतो, फार कोरडा झाला की तडकतो. ऊन अनिश्चित असेल तर लगेच मळणी न करता सोललेली कणसे हवेशीर मांडवात ठेवणे बऱ्याचदा जास्त शहाणपणाचे ठरते. कणसांच्या मधून वारा सहज खेळतो, मळलेल्या दाण्यांच्या ढिगातून खेळत नाही. असा मांडव रुंदीला अरुंद हवा, दमट हवेत ६० सेंटिमीटर आणि कोरड्या हवेत जास्तीत जास्त दीड मीटर. लांब बाजू वाऱ्याला आडवी ठेवा, बाजूच्या भिंतींत निम्मी तरी जागा मोकळी सोडा, तळ जमिनीपासून पाऊण ते एक मीटर उंच घ्या आणि प्रत्येक खांबावर उंदीर चढू नयेत म्हणून पत्र्याची उपडी टोपी बसवा. कणसातला गाभा दाण्यापेक्षा बराच ओला असतो आणि तो शेवटी वाळतो, म्हणून वरचा दाणा कडक लागला तरी आतला गाभा मोडून पाहा.

आता मोजमाप. सगळ्यात जास्त चुका इथे होतात. मीटर कोणतेही असो, नमुना एका जागेचा घेऊ नका. ढिगाचा वरचा थर, मध्य, तळ, चारही कडा अशा किमान दहा जागांचे मूठ-मूठ दाणे घ्या. पोत्यांत माल असेल तर परखी (पोत्यातून नमुना काढायची टोकदार पोकळ नळी) पोत्याच्या मध्यापर्यंत घाला. आधी हे दहा नमुने वेगवेगळे मोजा आणि सगळ्यात मोठा आकडा लिहून ठेवा, निर्णय त्याच्यावर घ्यायचा आहे. सरासरी फक्त वजनाच्या हिशेबासाठी वापरा. उन्हातून नुकताच उचललेला गरम दाणा मोजला तर आकडा फसवा येतो, कारण बाहेरचा थर कोरडा आणि आतला ओला असतो. नमुना झाकणाच्या डब्यात रात्रभर ठेवा, सकाळी पुन्हा मोजा. एक-दोन टक्क्यांनी आकडा वर गेलेला दिसेल आणि तोच खरा. मीटरवर मका हाच धान्यप्रकार निवडला आहे का हेही पाहा, गव्हाच्या खुणेवर मोजलेला मका हमखास चुकतो.

मीटर नसेल तर दोन गोष्टी कामाच्या आहेत. पहिली मिठाची. स्वच्छ, कोरडी काचेची बाटली घ्या, तिच्यात उन्हात किंवा तव्यावर कोरडे केलेले दोन-तीन चमचे मीठ टाका, तृतीयांश बाटली मक्याने भरा, मिनिटभर जोरात हलवा आणि पंधरा मिनिटे ठेवा. मीठ काचेला चिकटले तर ओलावा १५ टक्क्यांच्या वर आहे. चिकटले नाही तर तो १५ च्या खाली आहे एवढेच कळते, १३ आहे असे नाही. दुसरी रीत वजनाची आणि ती जास्त नेमकी आहे. सुरुवातीचा ओलावा कुठून तरी एकदा मोजून आणा. समजा तो २३ टक्के आहे. बरोबर १ किलो मका जाळीच्या पिशवीत भरा, पिशवीला रंगीत दोरी बांधा आणि ती ढिगातच ठेवा. माल पसराल तेव्हा तिच्यातले दाणेही तेवढ्याच जाडीत शेजारी पसरा, गोळा कराल तेव्हा पुन्हा पिशवीत. कोरडे द्रव्य बदलत नाही, म्हणून १००० ला ७७ ने गुणून ८७ ने भागले की ८८५ ग्रॅम येतात. या नमुन्याचे वजन ८८५ ग्रॅम झाले की तो १३ टक्क्यांवर आला. हाच हिशेब मोठ्या मालाला लावा: २३ टक्क्यांचे १०० किलो १३ टक्क्यांवर साडेअठ्ठ्याऐंशी किलो भरतात. एक टन मक्यातून ११५ लिटर पाणी बाहेर काढायचे आहे, हे डोळ्यांपुढे ठेवले की एका दिवसाच्या उन्हाकडून अवास्तव अपेक्षा राहत नाही. दाताखाली कट्‌ आवाज आला म्हणजे वाळला, ही परीक्षा एकटी पुरेशी नाही. १५ टक्क्यांचा दाणाही तसाच वाजतो.

उन्हात वाळवताना जागेचा हिशेब आधी करा. ५ सेंटिमीटर जाडीच्या थरात एका चौरस मीटरवर सुमारे ३६ किलो मका बसतो, म्हणजे टनाला २८ चौरस मीटर जागा लागते. जागा कमी आहे म्हणून थर १०-१२ सेंटिमीटरचा केला की वरचा दाणा तडकतो आणि खालचा घाम धरतो. तेवढी जागा नसेल तर निम्मा माल आज पसरा आणि उरलेला सावलीत पातळ पसरून पंख्याचा वारा द्या. उघड्या जमिनीवर कधीही पसरू नका. मातीतली ओल खालून चढते आणि अफ्लाटॉक्सिन नावाचे विष तयार करणाऱ्या बुरशीचे बीजाणू मातीतच असतात. सिमेंटचे खळे किंवा जाड ताडपत्री घ्या, त्यातही खळ्याला थोडा उतार असेल तर अचानक आलेल्या सरीचे पाणी थांबत नाही.

सकाळी दव पूर्ण उडाल्यावर आणि खळे कोरडे झाल्यावरच पसरा. दाताळ्याने माल सपाट न ठेवता सऱ्या-वरंबे काढल्यासारखा ओढा. पृष्ठभाग वाढतो, वारा मधून जातो आणि सऱ्यांच्या तळाला उघडी पडलेली ताडपत्री तापते. दर अर्ध्या ते एक तासाने सऱ्यांची दिशा बदला, एकदा उभ्या, एकदा आडव्या. कडेचे दाणे मध्ये आणि मधले कडेला, हे मुद्दाम करावे लागते. बहुतेक ठिकाणी मधलाच माल हलवला जातो आणि ओले दाणे कडेच्या पट्टीत राहून जातात. माल बियाण्यासाठी असेल तर भर दुपारी सावली करा, दाण्याचे तापमान ४३ अंशांच्या वर गेले की उगवण घटते.

संध्याकाळ हा नाजूक वेळ आहे. दव पडण्याआधी गोळा करायचे, पण गरम माल लगेच प्लॅस्टिकखाली दाबायचा नाही. थोडा वेळ वाऱ्यावर निवू द्या, मग गोळा करा. ओलावा २० च्या वर असेपर्यंत उंच ढीग नको, ३० सेंटिमीटरपेक्षा कमी उंचीचे लांबट वरंबे करा आणि ताडपत्री काठ्यांवर उचलून बाजूंनी वारा राहील अशी घाला. सकाळी ताडपत्रीची आतली बाजू हाताने पुसून पाहा. पाणी लागले तर ते रात्रभरात मक्यातून निघून परत वरच्या दाण्यांवर पडले आहे. तो वरचा थर वेगळा काढून आधी वाळवा. वाळलेला दाणा पुन्हा भिजणे फार महागात पडते. कोरडा दाणा पाणी पटकन ओढतो, आतून तडकतो आणि पुढे हाताळताना त्याचे तुकडे होतात.

१६ टक्क्यांपर्यंत मका भराभर उतरतो, तिथून १३ पर्यंतचा पल्ला रेंगाळतो. या टप्प्यावर कंटाळून भरणी करणे हे साठवणुकीत माल जाण्याचे मला दिसणारे सगळ्यात मोठे कारण. उरलेले पाणी दाण्याच्या गाभ्यात असते आणि ते सालीपर्यंत यायला वेळ लागतो. म्हणून शेवटच्या दिवसांत रात्री माल एकत्र करून झाकून ठेवणे उपयोगाचे असते. ओलावा दाण्यात सारखा पसरतो आणि दुसऱ्या दिवशी कमी उन्हात जास्त पाणी निघते.

हवा दमट असेल तर मात्र नुसते पसरून काही होत नाही. ३० अंशांच्या आसपास, ६५ टक्के आर्द्रतेच्या हवेत मका साडेबारा टक्क्यांपाशी थांबतो, ७५ टक्के आर्द्रतेत १४ च्या पुढेमागे. ८५ टक्के आर्द्रता असेल तर तो १६-१७ च्या खाली उतरतच नाही, कितीही दिवस ठेवा. इथे पंखा आणि थोडी उष्णता कामी येते. ३० अंश तापमानाची, ८० टक्के आर्द्रतेची हवा ४० अंशांपर्यंत तापवली की तिची आर्द्रता ४६ टक्क्यांवर येते आणि ती पाणी घेऊन जाऊ लागते. छिद्रांच्या पत्र्याची सपाट पेटी, तिच्याखाली हवेची पोकळी, बाजूला ब्लोअर आणि भट्टी, एवढी साधी रचना पुरते. थर ३० ते ४० सेंटिमीटर ठेवा. भट्टीचा धूर दाण्यातून जाऊ देऊ नका, तापलेल्या नळ्यांवरून फक्त स्वच्छ हवा जाऊ द्या. हवा खालून येते म्हणून खालचा थर आधी वाळतो आणि वरचा शेवटपर्यंत ओला राहतो, दोन्हींत तीन-चार टक्क्यांचा फरक सहज पडतो. मधूनमधून माल खालवर करा आणि नमुना वरच्याच थराचा घ्या.

विजेचा भरवसा असेल आणि ओलावा २० टक्क्यांच्या आत आला असेल तर कोठीतच, न तापवलेल्या हवेने वाळवता येते. त्याला टनामागे मिनिटाला किमान १.१ घनमीटर हवा लागते. वाळण्याचा पट्टा, म्हणजे ज्या थरातले दाणे त्या वेळी वाळत असतात तो, तळापासून हळूहळू वर सरकतो, तो वरपर्यंत पोचेपर्यंत पंखा बंद करायचा नाही. एका रात्रीच्या दमट हवेला घाबरून पंखा थांबवला तर वरचा ओला थर तापायला लागतो. थोड्या दमट हवेपेक्षा थांबलेली हवा जास्त नुकसान करते.

गरम हवेची मर्यादा मालाच्या वापरावर ठरते. बियाण्याला ४३ अंश, पिष्ट काढण्यासाठी किंवा दळण्यासाठी जाणाऱ्या दाण्याचे तापमान ६० अंशांच्या आत, पशुखाद्याला त्याहून जास्त चालते. गरम मका एकदम थंड केला की आतून बारीक तडे जातात; दाणा उजेडासमोर धरला तर ते केसासारखे दिसतात. ते टाळायला माल १५ टक्क्यांवर असतानाच गरम हवा बंद करा, सहा-आठ तास तसाच झाकून मुरू द्या आणि मग साध्या हवेने हळूहळू निववा. निवताना उरलेला दीड-दोन टक्के ओलावाही जातो.

ओला माल कोरड्यात मिसळून सरासरी काढण्याची युक्ती करू नका. १८ आणि १२ टक्क्यांचा मका निम्मा-निम्मा मिसळला तर कागदावर १५ येतात, आणि १५ हाही साठवणुकीचा आकडा नाही. शिवाय मिसळण नीट होत नाही, ओल्या दाण्यांचे पुंजके राहतात.

भरण्याआधी चाळणी आणि उफणणी करा. चुरा, फुटके दाणे, कणसाच्या गाभ्याचे तुकडे, तण-बी हे सगळे दाण्यापेक्षा जास्त ओलावा धरते, हवेची वाट अडवते आणि किडीला तयार खाद्य पुरवते. कोठीत वरून माल ओतताना हा चुरा मधोमध साचतो, म्हणून कोठी भरून झाल्यावर खालून थोडा माल काढून मधला गाभा मोकळा करा, तो चाळा आणि वरचा शंकू सपाट करा. माल पूर्ण निवल्यावरच पोती शिवा. दुपारच्या गरम मक्याची पोती थंड फरशीवर गेली की आतल्या बाजूला पाणी सुटते.

पोती लाकडी फळ्यांवर, जमिनीपासून १५ सेंटिमीटर वर आणि भिंतीपासून अर्धा मीटर दूर लावा, म्हणजे थप्पीभोवती फिरून पाहता येते. साध्या तागाच्या पोत्यातला १२ टक्क्यांचा मकाही पावसाळी हवेत पुन्हा ओलावा ओढतो. लांबच्या मुदतीला हवाबंद पिशव्या जास्त भरवशाच्या. आत दोन जाड प्लॅस्टिकचे थर आणि बाहेर विणलेले पोते अशी रचना असते. आतल्या किडी श्वसनाने ऑक्सिजन संपवतात आणि तो ५ टक्क्यांच्या खाली गेला की त्यांचे खाणे आणि वाढ थांबते. भरण्याआधी पिशवीत हवा भरून तोंड पिळा आणि दाबून भोक तपासा. गाभ्याचा टोकदार तुकडा आत जाऊ देऊ नका. हवा दाबून काढा, प्रत्येक थराचे तोंड वेगळे पिळून, दुमडून घट्ट बांधा. वरचेवर उघडू नका. या पिशव्या ओला माल वाचवत नाहीत. १४ टक्क्यांच्या वरचा मका आत घातला तर तो आंबतो, आणि पाणी बाहेर जायला वाटच नसते.

पत्र्याच्या मोठ्या कोठीत कोरडा मकाही बिघडतो, त्याचे कारण तापमानातला फरक. बाहेर थंडी पडली की भिंतीलगतचा मका निवतो, तिथली हवा खाली उतरते, मधल्या उबदार मक्यातून वर चढते आणि वरच्या थंड थराला भिडल्यावर ओलावा सोडते. वरचा थर दगडासारखा जमतो. उपाय म्हणजे हवा बदलली की पंख्याने मक्याचे तापमान बाहेरच्या सरासरीच्या पाच-सहा अंशांच्या आत आणणे. यासाठी वाळवण्याच्या दहाव्या भागाएवढी हवाही पुरते. कोठी सावलीत असेल तर हा त्रास निम्म्यावर येतो.

किडींत सोंडे आणि धान्यावरील पतंग शेतातूनच येतात, तांबडा भुंगेरा चुऱ्यावर वाढतो. ३० अंशांच्या आसपास सोंड्याची पिढी सुमारे पाच आठवड्यांत पूर्ण होते, म्हणून दर दोन आठवड्यांनी एक-एक किलोचे नमुने चाळून पाहा. कोठीच्या फटीत, जुन्या पोत्यांच्या शिवणीत आणि गेल्या हंगामाच्या उरलेल्या धान्यात कीड दबा धरून असते. नवा माल येण्याआधी हे सगळे साफ करा, जुना-नवा एकत्र करू नका. धुरी देण्याच्या फॉस्फीनच्या गोळ्या राहत्या घरात किंवा त्याला लागून असलेल्या खोलीत कदापि वापरू नयेत. त्यांचा वायू जीव घेतो, आणि ते काम परवानाधारकाचेच.

बुरशीबद्दल एक गोष्ट ठामपणे सांगतो. अफ्लाटॉक्सिन शिजवल्याने, भाजल्याने किंवा नंतर वाळवल्याने जात नाही, आणि जनावराला दिले तर त्याचा अंश दुधात उतरतो. ते सगळ्या ढिगात सारखे नसते, थोड्याच दाण्यांत प्रचंड असते. म्हणूनच हिरवट-पिवळी बुरशी धरलेला, रंग बदललेला, हलका आणि फुटका दाणा निवडून काढल्याने धोका बराच कमी होतो, आणि तोच दाणा चांगल्यात मिसळला की सगळा माल जातो. निवडून काढलेला खराब माल कोंबड्यांना किंवा गुरांनाही घालू नका.

साठवण सुरू झाली की पहिले सहा आठवडे दर आठवड्याला पाहा. लोखंडी सळई ढिगाच्या मध्यापर्यंत खुपसून पंधरा मिनिटे ठेवा आणि काढून तळव्यावर धरा. आसपासच्या मानाने उबदार लागली तर तिथला माल उपसा. वास नाकाने घ्या, पण बुरशी दिसत असेल तर मास्क लावा. कोठीच्या वरच्या थराची पपडी फोडायला आत उतरायची वेळ आली तर आधी खालची झडप आणि यंत्र बंद करून कुलूप लावा, कमरेला दोर बांधा आणि दोर धरणारा माणूस बाहेर उभा ठेवा. वाहत्या मक्यात माणूस काही सेकंदांत कमरेपर्यंत रुततो, आणि पपडीखाली पोकळी असेल तर ती पायाखालून ढासळते. शक्य असेल तर आत न उतरता लांब बांबूने बाहेरूनच पपडी फोडा.